मुंबई बेटावरील कारभाराचा पाया

२७ मार्च १६६८ रोजी इंग्लंडचा राजा दुसरा चार्ल्स याने मुंबई बेट वर्षाला दहा पौंड खंडाने ईस्ट इंडिया कंपनीच्या हवाली केले. सनदेत असे म्हटले होते की, हे बेट केंट परगण्यातील ईस्ट ग्रिनिचच्या जहागिरीचा भाग आहे असे समजून कंपनीने ते धारण करावे. इंग्रज कायद्यातील ही ठरीव भाषा होती. जमीन धारण करणाऱ्यावर लष्करी चाकरीचे बंधन नाही, ठरलेला खंड भरला की झाले, एवढाच तिचा आशय. हीच भाषा १६०६ मध्ये व्हर्जिनियाच्या आणि १६२९ मध्ये मॅसॅच्युसेट्सच्या सनदेत आली होती. कायद्याच्या दृष्टीने व्हर्जिनियातील जेम्सटाउन आणि मुंबई या एकाच पद्धतीने दिलेल्या जमिनी होत्या. तरीही दोन्हीकडे उभा राहिलेला कारभार इतका वेगळा का झाला, हे समजले तर वसाहतीतील सरकारचा उगम बराचसा उलगडतो.

व्हर्जिनियात ३० जुलै १६१९ रोजी जेम्सटाउनच्या चर्चमध्ये पहिली प्रतिनिधी सभा भरली. अकरा वस्त्यांमधून प्रत्येकी दोन असे बावीस प्रतिनिधी तिच्यासाठी निवडले गेले होते. व्हर्जिनिया कंपनीला माणसे मिळत नव्हती. म्हणून तिने स्वखर्चाने येणाऱ्यास पन्नास एकर जमीन देऊ केली आणि जमीनधारकांना कायदे करण्यात वाटा दिला. सभेच्या खर्चासाठी दरडोई एक पौंड तंबाखूची पट्टीही याच सभेने बसवली. कर देणारा आणि कर ठरवणारा एका ठिकाणी आले. मात्र ज्यांच्या भूमीवर ही सभा भरत होती त्या पोहाटन लोकांना तिच्यात स्थान नव्हते, आणि त्याच वर्षी ऑगस्टमध्ये आणल्या गेलेल्या आफ्रिकी गुलामांनाही नव्हते.

मुंबईत इंग्रजांना रिकामी जमीन मिळालीच नाही. नारळीच्या वाड्या, भातखाचरे, मिठागरे आणि कोळीवाडे यांची मालकी व वहिवाट आधीच ठरलेली होती. १५३४ च्या वसईच्या तहाने गुजरातच्या बहादूरशहाने वसई आणि आसपासची बेटे पोर्तुगिजांना दिली. पोर्तुगिजांनी ती सरदारांना, सैनिकी सेवा केलेल्यांना आणि धर्मसंघांना खंडाने वाटून टाकली. वनस्पतिशास्त्रज्ञ म्हणून ख्याती पावलेला गार्सिया द ओर्ता हा मुंबई बेटाचा एक खंडकरी होता. त्याने बांधलेल्या वाड्याभोवती पुढे मुंबईचा किल्ला वाढला. परळ, शीव, वडाळा या भागांत जेझुइटांच्या मोठ्या जमिनी होत्या. जमीनदाराच्या हाताखाली गावोगावचे पाटील आणि म्हातारे खंड गोळा करीत, भांडणे मिटवत आणि बिगारीची माणसे पुरवीत. इंग्रजांच्या हाती हे सारे आयते आले, आणि ते मोडून नवे उभारण्याइतकी माणसे त्यांच्याजवळ नव्हती.

माणसे का नव्हती, हे हस्तांतराच्या हकिकतीवरून कळते. जून १६६१ च्या विवाहकराराने पोर्तुगालची राजकन्या कॅथरिन हिच्या आंदणात मुंबई इंग्लंडच्या राजाला मिळाली. सर अब्राहम शिपमन चारशे सैनिक घेऊन १६६२ मध्ये आला, पण गोव्याच्या व्हाइसरॉयने बेट देण्याचे टाळले. कारवारजवळच्या अंजदीव बेटावर ही फौज दोन वर्षांहून अधिक काळ पडून राहिली आणि रोगराईने बहुतेक सैनिक मेले. खुद्द शिपमनही १६६४ मध्ये तेथेच वारला. अखेर त्याचा चिटणीस हम्फ्री कुक याने उरलेली मूठभर माणसे घेऊन १८ फेब्रुवारी १६६५ रोजी मुंबईचा ताबा घेतला. हस्तांतराच्या कागदावर सह्या झाल्या त्या बेटाची मालकीण दोना इग्नेस द मिरांडा हिच्या वाड्यात. ताबा घेण्यापूर्वी कुकने व्हाइसरॉयच्या अटी मान्य केल्या होत्या. रहिवाशांच्या जमिनी आणि त्यांचा कॅथलिक धर्म अबाधित राहील, आणि पोर्तुगीज गावांतून पळून येणाऱ्या कुणब्यांना व भंडाऱ्यांना मुंबईत थारा मिळणार नाही, अशा त्या होत्या. दुसरी अट बारकाईने पाहण्याजोगी आहे. जमिनीइतकीच तिच्यावर राबणाऱ्या माणसांची ओढाताण तेव्हा चालू होती. राज्यकर्ता बदलला तर कुळे खाडी ओलांडून निघून जातील, ही धास्ती पोर्तुगिजांना होती. पुढे सगळी वर्षे तीच धास्ती कंपनीलाही राहिली.

कंपनीने सप्टेंबर १६६८ मध्ये ताबा घेतला. सुरतेच्या वखारीचा प्रमुख हाच मुंबईचा गव्हर्नर असे. या जागेवर १६६९ ते १६७७ या काळात असलेला जेराल्ड ऑन्जिए हा मुंबईच्या कारभाराचा खरा शिल्पकार. त्याच्यापुढचा पहिला पेच जमिनीचा होता. कुकने आणि त्याच्यामागून आलेल्यांनी अनेक जमिनी राजाच्या नावाने जप्त केल्या होत्या, कोणाची मालकी खरी आणि कोणाची खोटी याचे तंटे साचले होते, आणि धास्तावलेले जमीनदार लागवडीत पैसा घालायला तयार नव्हते. ऑन्जिएने एकेका दाव्याची छाननी करीत न बसता सर्व जमीनधारकांशी एकत्र बोलणे केले. १ नोव्हेंबर १६७२ रोजी करार ठरला आणि जुलै १६७४ मध्ये तो पक्का झाला. जमीनधारकांनी मिळून दरसाल वीस हजार झेराफिन (तेव्हाचे पोर्तुगीज नाणे) कंपनीला द्यावेत आणि त्याबदली कंपनीने त्यांच्या मालकीवरचे आक्षेप सोडून द्यावेत, असा तो करार होता. ही रक्कम कोणाच्या वाट्याला किती येते ते जमिनीनुसार ठरले. मुंबईच्या जमीनमहसुलात ‘पेन्शन’ या नावाचा जो धारा पुढे दोन शतके दिसतो, त्याचे मूळ येथे आहे.

हा करार म्हणजे मुंबईचा पहिला राजकीय दस्तऐवज, असे मानायला हरकत नाही. राजाची सनद कंपनीला अधिकार देत होती, पण त्या अधिकाराला बेटावर मान्यता मिळाली ती या देवघेवीतून. रहिवासी एक समूह म्हणून सरकारसमोर बसले, रकमेवर घासाघीस झाली आणि दोन्ही बाजू लेखी बांधल्या गेल्या. अर्थात समोर बसले ते जमीनदार. त्या जमिनींवर राबणारा कुणबी, ताडी काढणारा भंडारी आणि जाळी टाकणारा कोळी यांच्या वतीने कोणी सही केली नाही. वीस हजार झेराफिनांचा बोजा मात्र शेवटी त्यांच्याच पाठीवर आला.

न्यायाची व्यवस्था याच सुमारास लागली. १६७० मध्ये बेटाचे दोन विभाग झाले. मुंबई, माझगाव व गिरगाव एका बाजूला. माहीम, परळ, शीव व वरळी दुसऱ्या बाजूला. प्रत्येक विभागात पाच न्यायाधीशांचे न्यायालय होते. अध्यक्ष जकातीचा इंग्रज अधिकारी असे आणि इतरांत काही स्थानिक माणसेही असत. जकात वसूल करणारा आणि निवाडा देणारा एकच, यात कोणाला विसंगती वाटत नव्हती. १ ऑगस्ट १६७२ पासून पोर्तुगीज कायदा जाऊन इंग्रज कायदा आला आणि ८ ऑगस्टला जॉर्ज विलकॉक्स या न्यायाधीशाच्या हाताखाली नवे न्यायालय उघडले. त्या दिवशीच्या मिरवणुकीचे वर्णन उपलब्ध आहे. पुढे हिरव्या पोशाखातील पन्नास भंडारी दोन-दोनच्या रांगेत, त्यांच्यामागे वीस हिंदू, वीस मुसलमान आणि वीस ख्रिस्ती, मग कर्णे-नगारे, घोड्यावर राजाची सनद घेतलेले इंग्रजी आणि पोर्तुगीज चिटणीस, आणि पालखीत गव्हर्नर. ही रांग कशी लावली होती, यात कारभाराची सगळी कल्पना दिसते. इंग्रज कायदा जाहीर होत होता, पण ज्या लोकांना तो लागू व्हायचा ते जमाती-जमातींनी मोजून उभे केले होते.

ऑन्जिएने पुढे हाच विचार पद्धतशीर अमलात आणला. बेटावरच्या प्रत्येक जमातीने आपली पंचायत नेमावी, आपापसांतले तंटे तिच्यापुढे मिटवावेत आणि तिच्या प्रमुखाने सरकारकडे जमातीची बाजू मांडावी, अशी योजना त्याने केली. यामागे औदार्य होते तसा हिशेबही होता. सुरतेच्या आणि दीवच्या व्यापाऱ्यांना मुंबईत आणायचे तर त्यांच्या चालीरीतींना हात लागणार नाही, ही हमी देणे भाग होते. १६७७ मध्ये दीवचा नीमा पारेख नावाचा वाणी व्यापारी मुंबईत येण्यापूर्वी कंपनीकडून लेखी कलमे मागतो. आपला धर्म निर्वेधपणे पाळता यावा, प्रेताचे दहन करता यावे, आपल्या वस्तीत कोणी जनावर मारू नये, अशी ती कलमे होती. कंपनी ती मान्य करते. बेटावर राहायला येण्याची किंमत रहिवाशानेच ठरवावी आणि सरकारने ती द्यावी, असा हा व्यवहार होता. ऑन्जिएच्या काळात बेटाची वस्ती दहा हजारांवरून साठ हजारांवर गेली, असा समकालीन अंदाज आहे. आकडा फुगवलेला असू शकेल, पण वाढ झाली यात शंका नाही.

संरक्षणासाठीही स्थानिक लोकच लागले. जंजिऱ्याच्या सिद्दीची गलबते पावसाळ्यात माझगावच्या बंदरात नांगर टाकीत आणि त्यांचे लोक बेटावर उपद्रव देत. गोऱ्या शिपायांची तुकडी रोगाने सतत घटत होती. म्हणून जमीनधारकांवर माणसे पुरवण्याची जबाबदारी टाकून भंडाऱ्यांची सेना उभी केली गेली. मुंबईच्या पोलिसांचा इतिहास लिहिणारे त्याची सुरुवात याच सेनेपासून करतात.

गोऱ्या शिपायांचा असंतोष हा मात्र वेगळा विषय आहे, आणि तो विस्ताराने पाहण्यासारखा आहे. मुंबईत सरकार उलथून नवे सरकार स्थापण्याचा पहिला प्रयत्न याच शिपायांनी केला. लंडनमधील संचालकांना, विशेषतः सर जोसाया चाइल्डला, मुंबईचा लष्करी खर्च डोईजड वाटत होता. पगारात आणि भत्त्यांत वारंवार कपात झाली. १६७४ मध्ये शिपायांनी एकदा बंड केले होते आणि त्यात एकाला गोळी घालून ठार मारण्यात आले. तरी कपातीचे धोरण चालूच राहिले. फौजेचा प्रमुख कॅप्टन रिचर्ड केग्विन हा पूर्वी सेंट हेलेना बेटाचा गव्हर्नर होता. गव्हर्नरच्या कौन्सिलमधले त्याचे स्थान काढून घेतले गेले आणि त्याचे वेतन घटवले गेले. २७ डिसेंबर १६८३ रोजी त्याने उपगव्हर्नर चार्ल्स वॉर्ड याला कैद केले. शिपाई आणि रहिवासी एकत्र जमले, कंपनीची सत्ता संपल्याचे जाहीर झाले आणि बेट थेट राजाच्या नावाने ताब्यात घेऊन केग्विनला गव्हर्नर निवडण्यात आले.

कंपनीच्या कागदपत्रांत याला साधे बंड म्हटले आहे. त्या अकरा महिन्यांत काय घडले ते पाहिले की हे नाव अपुरे वाटते. बेटावर लूटमार झाली नाही, कर आणि व्यापार चालू राहिला, राजाला आणि त्याच्या भावाला पत्रे लिहून कंपनीच्या गैरकारभाराचा पाढा वाचला गेला. सिद्दीला माझगावचे बंदर बंद करण्यात आले. छत्रपती संभाजी महाराजांकडे वकील पाठवून १६८४ मध्ये केग्विनने व्यापारी सवलतींचा तह मिळवला. कंपनीचे अधिकारी सिद्दी आणि मराठे यांच्यामध्ये वर्षानुवर्षे कुंपणावर बसले होते. या बंडखोर गव्हर्नराने बाजू निवडली. रायगडाच्या दृष्टीनेही मुंबईत कोणाची सत्ता आहे यापेक्षा ती सत्ता सिद्दीला आसरा देते की नाही, हा प्रश्न महत्त्वाचा होता.

नोव्हेंबर १६८४ मध्ये सर थॉमस ग्रँथम राजाची आज्ञा घेऊन आला. सर्वांना माफी मिळेल या अटीवर केग्विनने बेट सोडले. पुढे १६९० मध्ये कॅरिबियन समुद्रातील सेंट क्रिस्टोफर बेटावरच्या चढाईत तो मारला गेला. इंग्रज प्रजाजन म्हणून आपल्याला राजाकडे दाद मागता येते आणि मधल्या व्यापारी कंपनीला दूर करता येते, हा त्याचा युक्तिवाद होता. तेव्हाच्या अमेरिकन वसाहतींतील कुरबुरीही याच सुरात चालल्या होत्या. फरक पाठबळाचा होता. व्हर्जिनियात किंवा मॅसॅच्युसेट्समध्ये असा युक्तिवाद करणाऱ्यामागे जमीन कसणारी इंग्रज कुटुंबे होती. मुंबईत त्यामागे थकलेल्या पगाराची एक फौज होती, आणि स्थानिक रहिवासी तिच्याबरोबर आले ते जुळवून घेण्यापुरतेच. १६८७ मध्ये कंपनीने आपले पश्चिम किनाऱ्यावरचे मुख्य ठाणे सुरतेहून मुंबईला हलवले आणि गव्हर्नर व कौन्सिल यांची पकड अधिक घट्ट झाली.

याच जोसाया चाइल्डने मद्रासेत उलट प्रयोग केला. लोकांनी स्वतःवर बसवलेला कर ते खुशीने देतात, वरून लादलेला देत नाहीत, हे त्याला पटले होते. त्यानुसार सप्टेंबर १६८८ मध्ये मद्रास कॉर्पोरेशन सुरू झाले. महापौर, बारा आल्डरमन (ज्येष्ठ सभासद) आणि साठपर्यंत नगरसदस्य असे त्याचे स्वरूप होते, आणि आल्डरमनांमध्ये इंग्रजांबरोबर पोर्तुगीज, ज्यू आणि हिंदू व्यापारीही होते. पहिला महापौर नॅथॅनिएल हिगिन्सन हा अमेरिकेतील कनेक्टिकटमध्ये जन्मलेला, हार्वर्डचा पदवीधर. गव्हर्नर एलिहू येल हाही अमेरिकेतच, बोस्टनमध्ये जन्मलेला. न्यू इंग्लंडच्या ग्रामसभांच्या मुलखात जन्मलेली दोन माणसे कोरोमंडल किनाऱ्यावर नगरसंस्था चालवायला बसली होती. तरी तो प्रयोग रुजला नाही. रहिवाशांना कराचा बोजा दिसत होता, पण गव्हर्नरच्या इच्छेपलीकडे जाणारी सत्ता त्या सभेत दिसत नव्हती. मग त्यांनी पैसे द्यायला टाळाटाळ केली.

मुंबईत १७१८ मध्ये न्यायालय नव्याने उभारले गेले, तेव्हा मुख्य न्यायाधीश आणि पाच इंग्रजांबरोबर हिंदू, मुसलमान, पोर्तुगीज ख्रिस्ती आणि पारशी यांचे प्रत्येकी एक असे चार न्यायाधीश नेमले गेले. जमातवार प्रतिनिधित्वाची ती पुढची पायरी. पण गव्हर्नरची मर्जी फिरली तर या मानाला किती अर्थ उरतो, हे दोनच वर्षांत रामा कामतीच्या खटल्याने दाखवले. हा शेणवी गृहस्थ मोठा व्यापारी होता, कंपनीच्या शिपायांवर त्याची हुकमत होती आणि वाळकेश्वरच्या देवालयाच्या जीर्णोद्धारात त्याचा पुढाकार होता. कान्होजी आंग्र्यांशी गुप्त पत्रव्यवहार केल्याचा आरोप त्याच्यावर ठेवला गेला. आंग्र्यांवरच्या मोहिमा फसल्यामुळे गव्हर्नर चार्ल्स बून चिडलेला होता. गव्हर्नर आणि कौन्सिल हेच फिर्यादी आणि हेच न्यायाधीश. कामतीच्या कारकुनाचा छळ करून जबानी घेतली गेली. रामा कामतीची मालमत्ता जप्त झाली आणि तो तुरुंगातच मेला. ती पत्रे बनावट होती, असे पुढच्या अभ्यासकांचे मत आहे. कितीही वजनदार असला तरी स्थानिक पुढाऱ्याला कायद्याचे संरक्षण नव्हते. त्याच्याजवळ होता तो सत्तेशी घरोबा, आणि तो एका दिवसात तुटू शकत होता.

१७२६ च्या सनदेने मुंबई, मद्रास आणि कलकत्ता येथे महापौराचे न्यायालय आले. महापौर आणि नऊ आल्डरमन, त्यांत बहुतेक इंग्रज. या न्यायालयाचे गव्हर्नरशी लवकरच खटके उडाले. १७३० मधला एक तंटा विशेष महत्त्वाचा. शिंपी जातीची एक बाई कॅथलिक झाली आणि तिचा मुलगा तिला सोडून नातेवाइकांकडे गेला. तिच्या अर्जावर न्यायालयाने मुलगा आईला द्यायचा हुकूम दिला. जातीचे प्रमुख गव्हर्नरकडे गेले, आणि गव्हर्नर व कौन्सिलने असा निर्णय दिला की स्थानिकांच्या धर्म आणि जातीच्या बाबतीत न्यायालयाला अधिकार नाही. १७५३ च्या सनदेने हेच मान्य केले. दोन्ही पक्ष राजी असल्याखेरीज हिंदी लोकांचे आपापसांतले दावे महापौराच्या न्यायालयात जाणार नाहीत, असे ठरले. इंग्रजांच्या दोन सत्तास्थानांतल्या चढाओढीचा उपयोग आपल्या बाजूने कसा करायचा, हे मुंबईच्या जातप्रमुखांना इतक्या लवकर उमगले होते. त्या बाईच्या वाट्याला काय आले, याचा विचार मात्र या सगळ्या पत्रव्यवहारात कोणी केला नाही.

मे १७३९ मध्ये चिमाजी अप्पांनी वसई जिंकली आणि माहीमच्या खाडीपलीकडे मराठ्यांचे राज्य आले. कंपनीने किल्ल्याभोवती खंदक खणायला घेतला, तेव्हा मुंबईच्या व्यापाऱ्यांनी तीस हजार रुपये वर्गणी दिली. हा कर नव्हता. पण शहराच्या सार्वजनिक कामासाठी रहिवाशांनी मिळून पैसा उभा करण्याचे हे ठळक उदाहरण आहे, आणि असा पैसा देणाऱ्यांचा शब्द कारभारात ऐकला जाऊ लागणे क्रमप्राप्त होते.

शहराच्या रस्ते-सफाईचा कारभार १७९३ च्या सनदी कायद्याने जस्टिस ऑफ द पीस या सरकारनियुक्त मंडळींकडे गेला. सफाई कामगार नेमणे, रस्ते दुरुस्त करणे आणि त्यासाठी घरपट्टी बसवणे, ही त्यांची कामे. हे पद बराच काळ गोऱ्यांपुरते होते. १८३४ मध्ये जगन्नाथ शंकरशेट, जमशेटजी जीजीभाई आदी हिंदी गृहस्थ त्यात आले. १८४५ च्या कायद्याने सात जणांचे मंडळ झाले आणि त्यात तीन हिंदी होते. पुढचे दोन-तीन बदल फारसे टिकले नाहीत.

१८६५ च्या कायद्याने जस्टिसांचा सर्व समूह म्हणजेच नगरपालिका ठरली आणि अंमलबजावणी एका कमिशनरकडे गेली. आर्थर क्रॉफर्ड हा तो कमिशनर. त्याने शहर झपाट्याने बदलले, मंडई बांधली, गटारे आणि रस्ते सुधारले, आणि पैसा असा खर्च केला की नगरपालिका कर्जात बुडाली. कापसाची तेजी संपून शहराचे दिवाळे निघाले होते, त्यातच घरपट्टी वाढली. १८७१ मध्ये करदात्यांची चळवळ उभी राहिली. नवरोजी फर्दुनजी, विश्वनाथ नारायण मंडलिक यांच्यासारखे लोक तिच्यात होते. तरुण फिरोजशहा मेहतांनी मात्र गर्दीच्या विरुद्ध मत मांडले. दोष एका हाती अंमलबजावणी देण्याचा नाही, त्या हातावर लोकनियुक्त सभेचे नियंत्रण नाही हा दोष आहे, असे त्यांचे म्हणणे होते. श्रोत्यांनी त्यांना बोलू दिले नाही, पण पुढच्या कायद्यांनी त्यांचाच आराखडा उचलला.

१८७२ च्या कायद्याने ६४ सभासदांची नगरपालिका झाली. सोळा सरकारनियुक्त, सोळा जस्टिसांनी निवडलेले आणि बत्तीस करदात्यांनी निवडलेले. १८८८ च्या कायद्याने संख्या ७२ वर गेली. छत्तीस प्रभागांतून, सोळा जस्टिसांकडून, दोन विद्यापीठाच्या फेलोंकडून, दोन चेंबर ऑफ कॉमर्सकडून आणि सोळा सरकारकडून. १८७२ मध्ये वर्षाला पन्नास रुपये कर भरणाऱ्यास मत होते. १८८८ मध्ये ती मर्यादा तीस रुपयांवर आली. कमिशनर सरकारनेच नेमायचा, हे मात्र बदलले नाही.

१८७२ च्या शिरगणतीत मुंबईची वस्ती सहा लाख चव्वेचाळीस हजारांहून अधिक भरली, आणि मतदार त्यांतले मूठभर होते. घाटावरून आणि कोकणातून आलेला गिरणी कामगार चाळीच्या भाड्यातून घरपट्टीचा आपला वाटा देत होता, पण पावती घरमालकाच्या नावाची असल्यामुळे मतही मालकाचेच होते. भाडेकरूला मत मिळाले ते १९२२ मध्ये, तेही महिना दहा रुपये किंवा अधिक भाडे भरणाऱ्यालाच. एका खोलीत राहणारी बहुतेक कामगार कुटुंबे त्या मर्यादेच्या खालीच राहिली. सर्व प्रौढ स्त्री-पुरुषांच्या मतांवर मुंबई महापालिकेची पहिली निवडणूक १९४८ मध्ये झाली.